तारेखालचे गुंठे

भारतातली तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली. दारात तारवाला दिसला की ज्यांच्या पोटात गोळा यायचा, ती पिढीही आता थकली. तारेचा कायदा मात्र अजून निवृत्त झालेला नाही. १८८५ चा भारतीय तार अधिनियम मोडीत काढणारा दूरसंचार कायदा संसदेने २०२३ मध्ये मंजूर केला, पण त्यातच एक अपवाद ठेवला: विद्युत कायद्याच्या कलम १६४ खाली उभ्या राहणाऱ्या पारेषण वाहिन्यांना जुन्या अधिनियमाचा तिसरा भाग पुढेही लागू राहील. म्हणजे उद्या जुन्नरच्या द्राक्षबागेवरून किंवा आंबेगावच्या कांद्याच्या वावरावरून हायटेन्शन लाइन जायची असेल, तर मालकाला काय विचारायचे आणि काय विचारायचे नाही, हे तारायंत्राचे खांब रोवण्यासाठी इंग्रजांनी लिहिलेल्या कलमांवरून ठरेल. त्या कलमांत भूसंपादन नाही. कंपनीला जमिनीची मालकी मिळत नाही, मिळतो तो फक्त वापराचा हक्क. जमीन मालकाच्या नावावर राहते, शेतसाराही तोच भरतो आणि तारेखाली कांदाही लावू शकतो. घर मात्र बांधू शकत नाही. या विषयावरच्या बहुतेक कज्जांचे मूळ ‘फक्त’ म्हणून सोडून दिलेल्या या हक्कात आहे.

जुन्नर-आंबेगावात हे अधिक बोचते, त्याचे कारण इथल्या वस्तीच्या घडणीत सापडते. माणिकडोह, येडगाव, वडज, पिंपळगाव जोगे आणि डिंभे या कुकडी प्रकल्पाच्या धरणांनी या पट्ट्यात पाणी खेळवले. ऊस, द्राक्ष, टोमॅटो, कांदा आला, नारायणगाव आणि मंचरच्या बाजारपेठा फुगल्या, आणि बागायतीच्या मागोमाग माणूस गावठाण सोडून मळ्यात राहायला गेला. आज इथले गाव म्हणजे देवळाभोवतीची जुनी आळी आणि चहूकडे विखुरलेले मळे. मळ्यात घर, मागे गोठा, शेजारी कांद्याची बराख, विहिरीवर मोटर, कडेला शेततळे. सातबाऱ्यावर हे सगळे शेत. वाहिनीचा मार्ग आखणारा सर्वेक्षक नकाशावरचे गावठाण टाळतो आणि मोकळ्या दिसणाऱ्या शिवारातून रेघ ओढतो. ती रेघ नेमकी माणसे राहतात तिथून जाते. शिवाय आज रिकामा असलेला तुकडाही रिकामा नसतो. थोरल्याचे घर रस्त्याकडेला झाले, धाकट्याचे विहिरीजवळ होणार, हे बांधावरच्या बोलण्यात वर्षानुवर्षे ठरलेले असते. कागदावर मात्र त्याची कुठेच नोंद नसते.

कायद्याच्या वाटा दोन आहेत, आणि त्या एकमेकींत मिसळल्या की भांडण चिघळते. पहिली वाट विद्युत कायदा, २००३ च्या कलम ६७ ची. त्याखाली केंद्राने २००६ मध्ये परवानाधारकांच्या कामांचे नियम केले. महाराष्ट्राने पुढे २०१२ मध्ये स्वतःचे केले. केंद्राच्या नियमांनुसार एखाद्याच्या जमिनीत खांब रोवायचा किंवा घरावरून तार न्यायची तर मालकाची किंवा ताबेदाराची आधी संमती लागते. त्याने हरकत घेतली तर जिल्हाधिकाऱ्याची किंवा शासनाने नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी घ्यावी लागते. परवानगी देताना तो अधिकारी एकरकमी भरपाई, वार्षिक भाडे किंवा दोन्ही ठरवू शकतो, आणि त्याच्या आदेशावर वीज नियामक आयोगाकडे फेरतपासणी मागता येते. दुसरी वाट कलम १६४ ची. शासनाने लेखी आदेशाने एखाद्या कंपनीला तार प्राधिकरणाचे अधिकार बहाल केले की संमतीची अट गळून पडते. मालकाने काम अडवले तर तार अधिनियमाच्या कलम १६ नुसार जिल्हाधिकारी कंपनीला आत जाऊ देण्याचा आदेश देऊ शकतो. त्यानंतरही अडवणे हा गुन्हा ठरतो. मालकाच्या हाती उरतो तो भरपाईचा वाद, आणि तो जिल्हा न्यायाधीशासमोर. त्या निर्णयावर अपिलाची तरतूद नाही. उच्च न्यायालयात रिट करणे एवढेच राहते. म्हणून शेतात मोजणीची माणसे दिसली की पहिला प्रश्न मोबदल्याचा नसावा. या कंपनीकडे १६४ चा आदेश आहे का, असेल तर तो कोणत्या वाहिनीसाठी आणि त्यात अटी कोणत्या, हे आधी विचारावे. महापारेषणच्या मोठ्या वाहिनीला जे लागू आहे, ते गावातल्या रोहित्रापर्यंत जाणाऱ्या प्रत्येक तारेला आपोआप लागू होत नाही.

संमतीचा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये निकाली काढला. पॉवर ग्रिडची वाहिनी छत्तीसगडमधल्या चुनखडीच्या खाणपट्ट्यावरून जात होती, आणि खाणपट्टा होता सेंच्युरी टेक्सटाइल्ससारख्या मातब्बर कंपनीकडे. वाहिनीमुळे खाणकाम अडते, मार्ग बदला, अशी तिची मागणी. कलम १६४ चे अधिकार असलेल्या कंपनीला जमीनमालकाची पूर्वसंमती लागत नाही, असे न्यायालयाने सांगितले. सेंच्युरीला जे मिळाले नाही, ते तीन एकरांच्या धन्याला मिळेल, या आशेवर वकिलाची फी खर्च करण्यात अर्थ नाही. आणि या निकालाच्या तत्त्वाशी भांडण्याचेही कारण नाही. शेकडो किलोमीटरच्या वाहिनीवर हजारो खातेदार असतात. प्रत्येकाच्या हाती नकार दिला तर एकही वाहिनी पूर्ण होणार नाही. जुन्नर-आंबेगावचा शेतकरी तर विजेच्या विरोधात कधीच नव्हता. बिबट्याच्या भीतीने रात्री दारे धरायला जाणे जिवावर येते, म्हणून शेतीपंपाला दिवसा वीज द्या ही इथली जुनी मागणी आहे. मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजनेसारखा उपाय त्या मागणीला उत्तर देतो, आणि त्यासाठीही सौर प्रकल्पापासून उपकेंद्रापर्यंत कोणाच्या तरी रानातून तार न्यावीच लागते.

तेव्हा संमती गेली, हे मान्य करू. प्रश्न त्याच्या पुढचा आहे: ती काढून घेताना मालकाला बदल्यात काय दिले? रक्कम, एवढेच आजचे उत्तर आहे. माझे म्हणणे असे की रक्कम हे या हिशेबातले शेवटचे कलम असायला हवे. त्याआधी तीन गोष्टी येतात: मार्ग पक्का होण्यापूर्वी गटनिहाय नोटीस आणि सुनावणी, वापराच्या हक्काची सातबाऱ्यावर नोंद, आणि गमावलेल्या बांधकामाच्या हक्काचे स्वतंत्र मोल. या तीन नसल्या तर रक्कम दुप्पट केली तरी कज्जे थांबणार नाहीत.

आधी गमावलेला हक्क मोजून पाहू. वाहिनीच्या दोन्ही बाजूंना मिळून जो पट्टा मोकळा ठेवावा लागतो, त्याची रुंदी दाबानुसार ठरते. १३२ केव्हीला २७ मीटर, २२० केव्हीला ३५ मीटर, ४०० केव्हीला साधारण ४६ मीटर. २२० केव्हीची वाहिनी एक किलोमीटर गेली की साडेतीन हेक्टर, म्हणजे साडेआठ एकरांहून थोडी अधिक जमीन या पट्ट्याखाली येते. किलोमीटरच्या हिशेबात हे फारसे जाणवत नाही, गुंठ्यांत आणले की जाणवते. दहा गुंठे म्हणजे १,०१२ चौरस मीटर. चौकोनी तुकडा असेल तर त्याची एक बाजू जेमतेम ३२ मीटर भरते. पट्टा ३५ मीटरचा. वाटणीत आलेला दहा गुंठ्यांचा तुकडा तारेच्या मधोमध सापडला तर घराला एक वीतभरही जागा उरत नाही. शेजारच्या दहा एकरवाल्याच्या शेतातूनही तेवढीच तार जाते, पण त्याला घर पन्नास पावले सरकवता येते. दोघांना एकाच दराने पैसे देणे हिशेबात बरोबर बसते, न्यायात बसत नाही.

हा फरक न्यायालयांना कळत नाही असे नाही. केरळ राज्य विद्युत मंडळ विरुद्ध लिविशा या २००७ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने भरपाईचे एकच ठोकळ सूत्र नाकारले. जमीन कुठे आहे, वाहिनी किती अंतरावरून आणि किती लांब जाते, तुकडा लहान आहे का, तार त्याच्या मधून जाते का, हे सगळे पाहावे लागेल; जमीन ज्या कामासाठी होती तो वापरच मालक गमावू शकतो, असे त्या निकालाचे सांगणे आहे. धोरण मात्र टक्केवारीच्या वाटेने गेले. केंद्राच्या ऊर्जा मंत्रालयाने ऑक्टोबर २०१५ मध्ये टॉवरच्या पायाखालच्या जमिनीसाठी जमीनमूल्याच्या ८५ टक्के आणि तारेखालच्या पट्ट्यासाठी जास्तीत जास्त १५ टक्के सुचवले. जून २०२४ मध्ये हे आकडे २०० आणि ३० टक्क्यांवर नेले. महाराष्ट्रानेही २०१० पासून यासाठी आपले शासन निर्णय काढले आणि वेळोवेळी सुधारले. ही वाढ मोठी आहे, ती नाकारण्यात अर्थ नाही. पण समजा, त्या दहा गुंठ्यांचे मूल्य दहा लाख ठरले. २०१५ च्या हिशेबाने मालकाला फार तर दीड लाख मिळाले असते, आता तीन लाख मिळतील. उरलेले सात लाख त्याच्याकडेच राहिले, असे धोरण गृहीत धरते. कांद्याच्या वावरासाठी ते गृहीत कदाचित चालेल. घराची जागा म्हणून राखलेल्या तुकड्याचे सात लाख मात्र फक्त कागदावर राहतात, कारण तो विकत घेणाराही आधी मान वर करून तारेकडे पाहतो.

मार्च २०२५ च्या पुरवणी सूचनांनी शहरी जमिनीचा वेगळा विचार केला: पट्ट्यासाठी ग्रामीण भागात ३०, नगरपालिका-नगरपंचायतींच्या हद्दीत ४५ आणि महापालिका व महानगर क्षेत्रांत ६० टक्के. दर बाजारभावावर बेतायचा, हेही त्यात आले. जुन्नरला नगरपरिषद आहे. नारायणगाव, ओतूर, आळे या आजही ग्रामपंचायती. पुणे-नाशिक महामार्गाला कल्याण-अहिल्यानगर रस्ता छेदतो ती आळेफाट्याची जागा किंवा नारायणगावच्या टोमॅटो बाजारालगतचे गुंठे कोणत्या अर्थाने ग्रामीण आहेत? या सूत्राने जुन्नरच्या वेशीच्या आतला तुकडा ४५ टक्क्यांचा आणि त्याच्यापेक्षा महाग असलेला नारायणगावचा तुकडा ३० टक्क्यांचा ठरतो. तुकड्याचा कस त्याच्यावर घर होऊ शकते की नाही, हा असायला हवा. हद्द कोणत्या संस्थेची, हा प्रश्न दुय्यम आहे.

मार्ग ठरतो तेव्हाच्या सुनावणीवर एक ठरीव उत्तर मिळते: वाहिनीची रेघ तांत्रिक असते, ती कोणासाठी हलत नाही. जुन्नर तालुक्यातच याचा प्रतिवाद उभा आहे. खोडदला जीएमआरटी ही जगातल्या मोठ्या रेडिओ दुर्बिणींपैकी एक आहे. ४५ मीटर व्यासाच्या तिच्या तीस तबकड्या आसपासच्या गावांत पसरल्या आहेत. आकाशातून येणाऱ्या अतिक्षीण लहरींत जमिनीवरच्या यंत्रांचा गोंगाट मिसळू नये, म्हणून परिसरातल्या उद्योगांना दुर्बिणीच्या संस्थेचे मत घ्यावे लागते. पुणे-नाशिक सेमी हायस्पीड रेल्वेचा या भागातून जाणारा प्रस्तावित मार्गही दुर्बिणीच्या हरकतीमुळे बाजूला पडला. त्या निर्णयाने इथले लोक नाराज झाले, तो भाग वेगळा. पण एवढ्या मोठ्या रेल्वेची रेघ आधी हरकत ऐकल्यावर बदलू शकते, हे त्यातून सिद्ध झाले. एप्रिल २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने माळढोकाच्या अधिवासातल्या वाहिन्या जमिनीखालून नेण्याचा आदेश दिला. ते सरसकट शक्य नाही म्हटल्यावर मार्च २०२४ मध्ये तो सैल करून तज्ज्ञ समिती नेमली. दुर्बिणीची आणि पक्ष्याची बाजू ऐकली गेली, हे योग्यच झाले. मळ्यातल्या घराची बाजू ऐकण्यासाठी मात्र आज ठराविक वेळही नाही आणि ठराविक टेबलही नाही.

आज जाहीर होते ती वृत्तपत्रातली आणि राजपत्रातली सूचना. वाहिनी अमुक-अमुक गावांतून, त्यांच्या वरून आणि आजूबाजूने जाईल, एवढे त्यात असते. गावांची नावे असतात, गट नंबर नसतात. दोन हजार हेक्टरांच्या शिवारात आपला तुकडा तारेखाली येतो की नाही, हे त्यावरून कोणाला कळणार? खातेदाराला पत्ता लागतो तो बांधावर चुन्याच्या खुणा पडल्यावर. तोवर टॉवरच्या जागा ठरलेल्या असतात, कंत्राट दिलेले असते, आणि एक टॉवर हलवायचा तर मागचे-पुढचेही हलवावे लागतात. हरकत ऐकायला कोणी बसलाच तर ऐकण्यासारखे फारसे उरलेले नसते.

याहून बरी पद्धत आपल्याच देशात साठ वर्षांहून अधिक काळ चालू आहे. पेट्रोलियम आणि खनिज पाइपलाइन कायदा १९६२ चा. त्यातही मालकी घेतली जात नाही, वापराचा हक्कच घेतला जातो. पट्ट्यावर घर, विहीर, झाड यांना मनाई असते. पण तिथे जमिनीचे तपशील देऊन अधिसूचना निघते, हितसंबंधितांना हरकतीसाठी २१ दिवस मिळतात, सक्षम प्राधिकारी सुनावणी घेतो आणि मगच हक्क घोषित होतो. त्या कायद्यातली भरपाई बाजारभावाच्या अवघ्या दहा टक्के आहे, म्हणून तो आदर्श म्हणता येणार नाही. पण क्रम बरोबर आहे: आधी गट, मग हरकत, मग हक्क. त्या क्रमाने देशभर हजारो किलोमीटर पाइपलाइन पडल्या. ऐकत बसलो तर कामे होणार नाहीत, या दाव्याला याहून वेगळे उत्तर द्यायची गरज नाही. खुद्द या दोन तालुक्यांच्या पश्चिमेकडे, भीमाशंकरच्या बाजूच्या वनपट्ट्यात, वन हक्क कायद्याच्या कलम ३(२) नुसार एक हेक्टरच्या आतल्या वनजमिनीतून वीजवाहिनी न्यायची तर ग्रामसभेची शिफारस लागते. डोंगरातल्या आदिवासी गावाला तत्त्वतः जो शब्द आहे, तो घोड नदीच्या काठच्या बागायतदाराला नाही.

आता मोठ्या टॉवरकडून खाली खांबाकडे येऊ, कारण घरांवरचे बहुसंख्य तंटे तिथलेच आहेत. राज्य विद्युत मंडळ १९६० मध्ये स्थापन झाले. त्यानंतरच्या दशकांत गावात वीज येणे हाच सोहळा होता. खांब कोणाच्या बांधात आला याची लेखी संमती घेण्याची गरज कोणाला वाटली नाही. पुढे वाटण्या झाल्या, बांध सरकले आणि तारेखाली घर आले. सुरक्षेचे नियम सांगतात की ११ केव्हीची तार घराच्या सर्वांत उंच भागापासून उभ्या अंतरात ३.७ मीटर आणि आडव्या अंतरात १.२ मीटर दूर हवी. सिमेंटचा खांब आठ मीटरचा असतो. त्यातला सव्वा-दीड मीटर जमिनीत जातो, म्हणजे वर राहतो साधारण साडेसहा मीटर, आणि दोन खांबांच्या मध्ये तार आणखी खाली झोळते. एकमजली घराचा स्लॅब सव्वातीन मीटरवर येतो. त्यात ३.७ मिळवले की सात मीटरच्या आसपास उंची लागते. म्हणजे अशा खांबावरच्या तारेखाली वरचा मजला सोडाच, तळमजलाही नियमात बसत नाही. नियम घरमालकावरही जबाबदारी टाकतात: तारेजवळ बांधकाम करण्यापूर्वी पुरवठादाराला लेखी कळवावे लागते, आणि स्लॅब टाकताना उभी धरलेली लोखंडी सळई तारेच्या किती जवळ जाते, हे गवंड्यालाही ठाऊक असते. पण मग लाइन शिफ्टिंगचा खर्च कोणाचा? वितरण कंपनीकडे अर्ज केला तर तो अर्जदाराचाच, असे उत्तर मिळते.

या ठिकाणी जुन्या तार अधिनियमात मालकाच्या बाजूचे एक विसरलेले कलम आहे. कलम १७ म्हणते की मालकाला आपल्या जमिनीचा वापर करायचा असेल आणि त्यासाठी तार जमिनीच्या दुसऱ्या भागात किंवा वर-खाली हलवणे गरजेचे असेल, तर तो तशी मागणी करू शकतो. पूर्वी भरपाई घेतली असेल तर त्याने हलवण्याचा खर्च किंवा मिळालेल्या भरपाईची निम्मी रक्कम, यांतली जी कमी असेल ती भरायची. मागणी मानली नाही तर जिल्हाधिकाऱ्याकडे जायचे. तीन लाख भरपाई मिळालेल्याला दीड लाखाहून जास्त भरावे लागू नये, असा याचा सरळ हिशेब. चारशे केव्हीचा टॉवर यातून हलणार नाही, हे उघड आहे. एका तुकड्यात त्याला हलायला जागाच नसते. तार अधिनियमाच्या अधिकारांखाली टाकलेल्या लहान वाहिन्यांत मात्र ही तरतूद उपयोगी पडू शकते. अडचण एकच: कोणाला, कधी, किती भरपाई दिली, हे जमिनीच्या कागदावर नसेल तर निम्मी रक्कम काढायची कशाची?

म्हणून सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात वाहिनीचा दाब, पट्ट्याची रुंदी आणि दिलेली भरपाई यांची नोंद व्हावी. यावर मालकच हरकत घेतील: नोंद झाली की जमिनीचा भाव पडेल. पण भाव नोंदीने पडत नाही, तारेने पडतो, आणि तार डोळ्यांना दिसते. नोंद नसल्याने फायदा होतो तो फक्त प्लॉट पाडून पुण्या-मुंबईच्या माणसाला कागदावर गुंठे विकणाऱ्याचा. मालकाच्या नातवाला मात्र या नोंदीशिवाय आपला दावा मांडता येणार नाही. कंपन्यांची हरकत दुसरी असते: मार्ग कळला की लोक भरपाईसाठी रातोरात पत्र्याच्या खोल्या उभ्या करतात. असे होतेही. त्यावर उपाय गटनिहाय नोटीसच आहे. नोटिशीच्या तारखेला ड्रोनने चित्रीकरण करावे, त्या दिवशी जे उभे असेल ते मोजावे, पुढचे मोजू नये. आज अशी तारीखच नसल्याने खरे घर आणि खोटी खोली एकाच पंचनाम्यात येतात. तिसरी हरकत खर्चाची: भरपाई वाढली की वीजदर वाढेल. वाढेल, थोडा. पण तो भार लाखो ग्राहकांच्या बिलांत विभागला जाईल. आज तो एका मळ्यातल्या एका घरावर सगळाच्या सगळा पडतो, आणि त्या वाहिनीतली वीज बहुधा तिथे उतरतही नाही.

आणि बांधकामाच्या हक्काचे मोल? त्यासाठी लिविशाचा निकष नियमात उतरवला तरी पुरे. ज्या खातेदाराच्या एकूण जमिनीत पट्ट्याबाहेर घराला जागा उरत नाही, त्याला ३० टक्क्यांचा सरसकट दर लावू नये. त्याला तुकड्याच्या पूर्ण किमतीचा किंवा पर्यायी जागेचा हक्क द्यावा. असे खातेदार प्रत्येक वाहिनीवर मोजकेच निघतील. कोर्टात जाणाऱ्यांत मात्र हेच पुढे असतात, कारण त्यांच्यापाशी गमावण्यासारखे दुसरे काही नसते. मंचरच्या प्रांत कार्यालयापासून राजगुरुनगरच्या आणि पुण्याच्या न्यायालयांपर्यंतच्या खेपा त्यांना परवडत नाहीत, तरी ते जातात.

यासाठी विद्युत कायद्यात दुरुस्ती होण्याची वाट पाहावी लागत नाही. कलम १६४ च्याच शब्दांत शासनाला अधिकार आहे की तार प्राधिकरणाचे अधिकार कंपनीला बहाल करताना त्याला योग्य वाटतील त्या अटी आणि मर्यादा घालाव्यात. गट नंबरांसह नोटीस, टॉवरच्या जागा ठरण्यापूर्वी तालुक्याच्या ठिकाणी सुनावणी, कारणांसह लेखी निर्णय, सातबाऱ्यावर नोंद आणि घराची जागा गमावणाऱ्याला वेगळा मोबदला, या अटी महाराष्ट्र शासन आपल्या पुढच्याच आदेशात लिहू शकते. मालकाचा नकार कायद्याने आधीच काढून घेतला आहे. त्याच कायद्याने शासनाच्या हाती जी लेखणी दिली आहे, ती कोरी ठेवायला कोणतेही कारण नाही.